पर्यंत, पासून, परवा : पॅकिंग हॉलमधल्या तक्त्याच्या प्रकल्प नोंदी

३ नोव्हेंबर २०२५, सोमवार

दिवाळीची सुट्टी संपून कारखाना आज पुरता सुरू झाला. मालकांनी सकाळीच बोलावून घेतलं. रागावले नाहीत, पण दिवाळीआधीची ती बिलाची फाइल समोर ठेवली होती.

घडलं ते असं. विलायतेतल्या एका पार्टीच्या टेरी टॉवेलचे चाळीस बॉक्स हेमिंगला, म्हणजे कडा दुमडून शिवायला, अडकले होते. ते शुक्रवारपर्यंत तयार होतील, एवढंच मला कळवायचं होतं. मी लिहिलं, ‘बॅलन्स फॉर्टी कार्टन्स विल बी रेडी टिल फ्रायडे.’ वाचणाऱ्याला त्यातून कळलं ते असं, की माल तयार आहे, शुक्रवारपर्यंत तयार ठेवलेला असेल, पुढचं सांगता येत नाही. त्यांनी घाई करून बुधवारीच गाडी पाठवली. ती सोलापुरात अक्कलकोट रोडच्या आमच्या फाटकात दिवसभर उभी राहिली आणि रिकामी परत गेली. भाडं आम्ही भरलं. व्याकरणाच्या पुस्तकातली चूक म्हणून ती मी सोडून दिली असती, पण गाडीभाड्याची पावती समोर असताना तसं म्हणता येत नाही.

ठरलं ते असं : दर सोमवारी आणि गुरुवारी जेवणाच्या सुट्टीनंतर अर्धा तास पॅकिंग हॉलमध्ये बसायचं. पत्र लिहिणारे, फोन घेणारे, गाडी भरणारे सगळे. दिवस आणि वेळ सांगणारं रोजचं इंग्रजी तेवढंच घ्यायचं. शेवटी हॉलच्या भिंतीवर एक तक्ता लागला पाहिजे. नोंदी मी ठेवायच्या.

६ नोव्हेंबर, गुरुवार

जुनी पाठवलेली पत्रं दोन दिवस चाळली. माझीच सगळ्यात जास्त. आधी वाटलं होतं, इंग्रजी पुस्तकात असतो तसा तक्ता करावा : ‘ॲट’ कुठे, ‘ऑन’ कुठे, ‘इन’ कुठे. पत्रं वाचल्यावर तो बेत सोडला. आमच्या चुका तिथे फार नाहीत. ‘ऑन मंडे’, ‘इन द मॉर्निंग’, ‘ॲट नाइट’ हे कानावरून बसलेलं आहे. चूक होते ती मराठीत एक शब्द असतो आणि इंग्रजीत त्याचे दोन होतात तिथे. आपण मनात मराठी शब्द धरतो आणि समोर दिसेल त्या पहिल्या इंग्रजी शब्दाला हात घालतो.

म्हणून तक्ता मराठी शब्दावरून करायचा. डाव्या बाजूला आपला शब्द, उजवीकडे त्याच्या फांद्या. पहिला शब्द अर्थातच ‘पर्यंत’.

‘शुक्रवारपर्यंत माल तयार होईल’ आणि ‘शुक्रवारपर्यंत गोदाम उघडं राहील’. मराठी कानाला दोन्हींत काही फरक लागत नाही, कारण फरक आपण क्रियापदावरून ओळखतो. इंग्रजी तो फरक शब्दावरच लादतं. पहिल्याला ‘बाय फ्रायडे’, दुसऱ्याला ‘टिल’ किंवा ‘अनटिल फ्रायडे’. मी हॉलमध्ये विचारायला एक प्रश्न दिला : ते काम तोवर होऊन जाणार आहे, की तोवर चालू राहणार आहे? होऊन जाणार असेल तर ‘बाय’. चालू राहणार असेल तर ‘टिल’.

पॅकिंगचे अण्णा लगेच म्हणाले, “आणि नाही म्हटलं तर, मॅडम? शुक्रवारपर्यंत माल निघणार नाही?” चांगला प्रश्न. माल निघत नाही ही अवस्था चालू राहते आणि शुक्रवारी संपते, म्हणून ‘द गुड्स विल नॉट लीव्ह अनटिल फ्रायडे’. यात माल शुक्रवारी निघेल हे वचनही आलं. तेच ‘विल नॉट बी रेडी बाय फ्रायडे’ म्हटलं तर शुक्रवार गेला तरी तयार नसेल, पुढे कधी ते माहीत नाही. पार्टीला यातलं कोणतं सांगायचं आहे हे लिहिण्याआधी स्वतःशी ठरवायला हवं.

अण्णांचा दुसरा प्रश्न शुक्रवार धरून की सोडून. ‘बाय फ्रायडे’ म्हणजे शुक्रवार धरून असंच बहुतेक मानतात, पण शुक्रवारी सकाळी की दिवस संपता संपता, यावरून वाद होऊ शकतो. अमेरिकेत ‘मंडे थ्रू फ्रायडे’ म्हणतात, त्यात शुक्रवार नक्की येतो. आम्ही आमच्यापुरता ठोस साचा ठरवला : ‘बाय फाइव्ह पी. एम. इंडियन टाइम ऑन फ्रायडे, फोर्टीन्थ नोव्हेंबर.’ लांबलचक आहे. गाडीभाड्यापेक्षा स्वस्त आहे.

१० नोव्हेंबर, सोमवार

‘पासून’. याला तीन फांद्या निघाल्या. ‘२०१९ पासून’ म्हणजे ‘सिन्स’, कारण सुरुवातीचा क्षण सांगितला. ‘सहा वर्षांपासून’ म्हणजे ‘फॉर सिक्स इयर्स’, कारण लांबी सांगितली. ‘सोमवारपासून नवे दर’ म्हणजे ‘फ्रॉम मंडे’, कारण ते अजून व्हायचं आहे. ‘सिन्स टू डेज’ हे आमच्या पत्रांत जागोजागी आहे. ते यापुढे नाही.

शिवाय क्रियापद. ‘मी सहा वर्षांपासून इथे काम करते’ हे मराठीत वर्तमानकाळात बसतं, म्हणून ‘आय ॲम वर्किंग’ येतं. इंग्रजीला ‘आय हॅव बीन वर्किंग’ लागतं. ते डोक्यात ठेवण्यापेक्षा वाक्य पाठ करावं म्हणून प्रत्येकाने स्वतःचं वाक्य तयार केलं. हेमिंगच्या आक्कांचं सर्वांत लांब निघालं, बावीस वर्षांचं. त्यांनी ते दोनदा म्हटलं आणि मग वहीत लिहून घेतलं.

१३ नोव्हेंबर, गुरुवार

आजचा अर्धा तास एक तास झाला. शब्द होता ‘परवा’.

डिस्पॅचच्या पोराने वाक्य दिलं : ‘परवा गाडी पाठवली’ आणि ‘परवा गाडी पाठवतो’. दोन्हीकडे परवाच. गेलेला की येणारा, हे क्रियापदावरून कळतं. इंग्रजीत गेलेला ‘द डे बिफोर यस्टर्डे’ आणि येणारा ‘द डे आफ्टर टुमॉरो’. हे लिहून झालं आणि आक्का म्हणाल्या, “ताई, आमच्या कन्नडात असं एकच नाही. गेलेला मोन्ने, येणारा नाडिद्दु.” अण्णांनी मान डोलावली. त्यांच्या घरात तेलुगू. गेलेला मोन्न, येणारा एल्लुंडि. आमच्याकडे एका शब्दात जे मावतं, त्यासाठी त्यांच्याकडे आधीपासून दोन खण आहेत.

मी खरोखर थबकले. सोलापुरात राहून हे माझ्या कधी लक्षात आलं नव्हतं. पूर्व भागात तेलुगू, गावात मराठी, अक्कलकोट आणि विजापूरच्या बाजूने आलेली कन्नड, शिवाय उर्दू बोलणारी घरं. एका हॉलमध्ये चारही भाषा बसलेल्या असतात. उर्दूचं तर याहून पुढचं, तिथे ‘कल’ हाच काल आणि हाच उद्या, ‘परसों’ही दोन्हीकडे चालतो. म्हणजे परवाच्या बाबतीत अण्णा आणि आक्का इंग्रजीच्या जास्त जवळ आहेत आणि मी लांब. अण्णांना आजवर वाटायचं, आपलं इंग्रजी सगळ्यांत कच्चं. आज त्यांनी सगळ्यांना शिकवलं. मनात आधी तेलुगू शब्द आणायचा, मग इंग्रजी, मध्ये मराठी नको, असा त्यांनी स्वतःच उपाय काढला. तो मला अगदी बरोबर वाटतो. तक्त्यात ‘परवा’च्या ओळीत कन्नड आणि तेलुगू शब्दही घालायचे ठरले.

तिसरी फांदी उशिरा सुचली. ‘परवा बाजारात भेटले होते’ यातला परवा हा मोजलेला दिवस नसतो. चार दिवस झाले असतील, दहा झाले असतील. त्याला इंग्रजीत ‘द अदर डे’. हे अगदी रोजचं बोलणं आहे आणि आमच्यापैकी कोणालाच माहीत नव्हतं. ‘तेरवा’ला मात्र एक शब्द नाही, ‘थ्री डेज फ्रॉम नाउ’ किंवा सरळ वार सांगावा.

१७ नोव्हेंबर, सोमवार

‘आठ दिवसांनी या.’ दवाखान्यात, शिंप्याकडे, बँकेत आपण हे ऐकतो आणि सोमवारी ऐकलं तर पुढच्या सोमवारी जातो. मंगळवारी जात नाही. आपण आजचा दिवसही धरून मोजतो : सोमवार ते सोमवार आठ. तसंच ‘पंधरा दिवसांनी’ म्हणजे दोन आठवडे. मी एका पत्रात ‘आफ्टर एट डेज’ लिहिलेलं सापडलं. वाचणारा उद्यापासून बोटं मोजून आठवा दिवस गाठणार, आणि आमच्या मनात सातवा होता.

फ्रेंच लोकही आठवड्याला आठ दिवस आणि दोन आठवड्यांना पंधरा दिवस म्हणतात, हे मला पूर्वीपासून माहीत होतं. आज ते सांगितल्यावर हॉलमध्ये बरं वाटलं. आपलं मोजणं चुकीचं नाही, फक्त इंग्रजीचं वेगळं आहे. इंग्रजीत पंधरवड्याला ‘फोर्टनाइट’, म्हणजे मुळात चौदा रात्री. दिवस धरून मोजले की पंधरा येतात, रात्री मोजल्या की चौदा. हा शब्द विलायतेत चालतो, अमेरिकेत फारसा कोणी वापरत नाही, तिकडे ‘टू वीक्स’च लिहावं. ‘बायवीकली’ तर कुठेच लिहू नये. आठवड्यातून दोनदा आणि दोन आठवड्यांतून एकदा असे दोन्ही अर्थ कोशात दिलेले आहेत.

मग पाण्याचा विषय निघाला, तो सोलापुरात निघतोच. आक्कांच्या गल्लीत पाणी चार दिवसाआड. हे इंग्रजीत कसं सांगायचं? ‘दिवसाआड’ म्हणजे मध्ये एक दिवस कोरडा, ‘एव्हरी अदर डे’. इथवर सोपं. चार दिवसाआड म्हणजे मध्ये चार कोरडे. सोमवारी नळ आला की मंगळवार, बुधवार, गुरुवार, शुक्रवार गेले आणि शनिवारी परत. म्हणून इंग्रजीत ‘एव्हरी फाइव्ह डेज’. ‘एव्हरी फोर डेज’ लिहिलं तर एक दिवस आधीच हंडे घेऊन उभं राहावं लागेल. मराठी कोरडे दिवस मोजतं आणि इंग्रजी एका पाण्यापासून दुसऱ्या पाण्यापर्यंतचं अंतर. हे फळ्यावर नळ काढून दाखवलं, आणि आजवरच्या वर्गात एवढं पटकन काहीच समजलं नव्हतं.

२० नोव्हेंबर, गुरुवार

कंटेनर भरायचा होता. वर्ग झाला नाही.

२४ नोव्हेंबर, सोमवार

‘आज सकाळी’ला ‘टुडे मॉर्निंग’ म्हणायची आपली सवय. इंग्रजीत ‘दिस मॉर्निंग’. आज संध्याकाळी ‘दिस ईव्हनिंग’, आज रात्री ‘टुनाइट’, काल रात्री ‘लास्ट नाइट’. पण काल सकाळी ‘यस्टर्डे मॉर्निंग’ आणि उद्या सकाळी ‘टुमॉरो मॉर्निंग’ हे बरोबर. नियम शोधत बसण्यात अर्थ नाही, हे पाठच करायचं. आणखी एक : ‘दिस’, ‘लास्ट’, ‘नेक्स्ट’, ‘एव्हरी’ यांच्या आधी ‘ऑन’ येत नाही. ‘ऑन नेक्स्ट मंडे’ नाही, ‘नेक्स्ट मंडे’ एवढंच.

आता ‘नेक्स्ट फ्रायडे’. आज सोमवार. येता शुक्रवार २८ तारखेला, त्याच्या पुढचा ५ डिसेंबरला. ‘नेक्स्ट फ्रायडे’ यातला कोणता? हॉलमध्ये दोन तट पडले. तेवढ्यात डिस्पॅचच्या पोराने विचारलं, “मॅडम, आणि ‘पुढच्या शुक्रवारी’ म्हटलं तर कोणता?” तिथेही तेच दोन तट. मराठीत निदान ‘येत्या शुक्रवारी’ ही सोय आहे, तो जवळचाच. इंग्रजी मातृभाषा असलेल्यांतही ‘नेक्स्ट’वरून असाच गोंधळ होतो, म्हणून हे आमचं अज्ञान नव्हे. विलायतेतले काही जुने लोक ‘फ्रायडे वीक’ म्हणतात, म्हणजे येत्या शुक्रवारनंतर एक आठवडा. ऐकलं तर समजावं, आपण वापरू नये. आपण वार आणि तारीख दोन्ही लिहायची. दोन्ही लिहिली की एक चुकलं तर दुसरं ते उघडं पाडतं.

२७ नोव्हेंबर, गुरुवार

आज नोव्हेंबरचा चौथा गुरुवार, अमेरिकेत थँक्सगिव्हिंगची सुट्टी. तिकडच्या पार्टीने ‘फाइव्ह बिझनेस डेज’ दिले होते, त्यांत आजचा दिवस धरला जात नाही. आमचा कारखाना चालू आहे म्हणून तो त्यांच्या मोजणीत येतो असं नाही, आणि गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या यात्रेच्या दिवसांत आमचं बंद असणं त्यांना माहीत नसतं. कोणाच्या सुट्ट्या धरायच्या ते आधीच विचारायचं.

घड्याळही आजच घेतलं. दिवाळीनंतर विलायतेहून दुपारी अडीचला येणारा फोन साडेतीनला यायला लागला होता, आणि आम्ही तासभर त्यांची वाट पाहत बसायचो. चूक कोणाचीच नव्हती. ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी ते घड्याळ एक तास मागे घेतात. उन्हाळ्यात ते आपल्या साडेचार तास मागे, हिवाळ्यात साडेपाच. मार्चच्या शेवटच्या रविवारी पुन्हा पुढे. अमेरिका घड्याळ मागे घेते ती नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी. आपण वर्षभर घड्याळाला हात लावत नाही, म्हणून हे आपल्या ध्यानात राहत नाही.

‘साडेपाच’ला ‘हाफ पास्ट फाइव्ह’. विलायतेत बोलताना ‘पास्ट’ गाळून ‘हाफ फाइव्ह’ म्हणतात, तरी साडेपाचच. पण जर्मन माणसाच्या भाषेत तसाच शब्द साडेचारला आहे, अर्धा वाटेवर, पाचाकडे जाणारा. तो इंग्रजी बोलताना ‘हाफ फाइव्ह’ म्हणाला तर आकडा परत विचारावा. ‘पावणेपाच’ मात्र सुखाचं, ‘क्वार्टर टू फाइव्ह’, दोन्ही भाषा पाचच्या अलीकडे उभ्या राहून सांगतात.

बारा वाजण्याबद्दल एकच ओळ तक्त्यात : ‘नून’ किंवा ‘मिडनाइट’ लिहा, ‘ट्वेल्व्ह’ला ए. एम., पी. एम. लावू नका.

१ डिसेंबर, सोमवार

आजची तारीख आपण ०१/१२/२०२५ अशी लिहितो. अमेरिकेत तीच १२ जानेवारी वाचली जाते, कारण ते महिना आधी लिहितात. बाराच्या पुढच्या तारखेला चूक लगेच कळते, कारण तेरावा महिना नसतो. महिन्याचे पहिले बारा दिवस धोक्याचे. महिना अक्षरांत लिहायचा. फाइलींच्या नावात वर्ष, मग महिना, मग दिवस, असा आंतरराष्ट्रीय प्रमाण पद्धतीचा क्रम ठेवला, म्हणजे फाइली आपोआप ओळीने लागतात.

१२ जानेवारी म्हटल्यावर हॉलमध्ये एकदम शांत झालं. सोलापूरच्या माणसाला ही तारीख सांगावी लागत नाही. मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकृष्ण सारडा यांना १९३१ साली त्या दिवशी येरवड्याला फाशी झाली. वाक्य फळ्यावर घेतलं. इंग्रजीत वर्षाला ‘इन’, महिन्याला ‘इन’, पण तारीख आली की ‘ऑन’ : ‘इन १९३१’, ‘इन जानेवारी १९३१’, ‘ऑन ट्वेल्थ जानेवारी १९३१’. मोबाइलमध्ये पाहिलं तर तो सोमवार होता. येणारी १२ जानेवारीही सोमवारीच आहे. १९३१ आणि २०२६ ही दोन्ही वर्षं गुरुवारी सुरू होतात, दोन्ही लीप नाहीत, म्हणून पूर्ण कॅलेंडर जुळतं. ‘इन’ आणि ‘ऑन’चा हा धडा आता कोणी विसरणार नाही, मीसुद्धा.

४ डिसेंबर, गुरुवार

रात्री आठला आलेला फोन डिस्पॅचच्या पोराने उचलला आणि आदराने म्हणाला, “गुड नाइट, सर.” समोरच्याला वाटलं, हा बोलणं संपवतोय, आणि त्याने फोन ठेवला. भेटताना कितीही उशीर असला तरी ‘गुड ईव्हनिंग’. ‘गुड नाइट’ निरोपाचं. पोरगा फार हिरमुसला होता. त्याला सांगितलं, शुभ रात्री आपणही भेटताना म्हणत नाही, निघतानाच म्हणतो. तेवढं धर.

८ डिसेंबर, सोमवार

दोन दिवसांत, दोन दिवसांनी, दोन दिवसांपूर्वी. इथे मराठीच बारीक आहे आणि आपण ते बारीकपण इंग्रजीत नेताना घालवतो.

‘दोन दिवसांत पाठवतो’, म्हणजे दोन दिवस ही कमाल मर्यादा, ‘विदिन टू डेज’. ‘दोन दिवसांनी पाठवतो’, म्हणजे दोन दिवस गेल्यावर, ‘इन टू डेज’. हे उलटं वाटतं, कारण ‘इन’ म्हणजे ‘त’ असं आपण शाळेत शिकलो. ‘इन’चा अर्थ काही वाक्यांत मर्यादेकडेही झुकतो, म्हणून वचन द्यायचं असेल तेव्हा ‘विदिन’च. ‘आफ्टर टू डेज’ ऐकणाऱ्याला कळतं, पण त्यात किती नंतर ते सैल राहतं.

‘पूर्वी’लाही दोन फांद्या. आजपासून मागे मोजलं तर ‘टू डेज अगो’. एखाद्या ठरलेल्या दिवसाच्या मागे असेल तर ‘बिफोर दिवाळी’. ‘बिफोर टू डेज’ ही आपल्याकडची घरगुती रचना आहे. मी स्वतः ती कित्येक वर्षं लिहिली.

१५ डिसेंबर, सोमवार

नाताळच्या सुट्टीमुळे एका पार्टीने पत्र पाठवलं : तपासणी ‘ब्रॉट फॉरवर्ड’ झाली आहे. अण्णांनी ‘फॉरवर्ड’ वाचून ‘पुढे गेली’ असा अर्थ घेतला आणि माल सावकाश बांधायला सांगितला. बरं झालं, मी विचारलं. ‘ब्रिंग फॉरवर्ड’ म्हणजे अलीकडे आणणे. मराठीत ‘पुढे ढकलणे’ म्हणजे लांबवणे. शब्द सारखे, दिशा उलटी. आम्ही येणाऱ्या दिवसांकडे चालत जातो, म्हणून पुढे म्हणजे लांब. इंग्रजी तो दिवसच उचलून आपल्या जवळ आणतं.

‘मूव्ह्ड फॉरवर्ड’ त्याहून निसरडं. बुधवारची बैठक दोन दिवस ‘फॉरवर्ड’ गेली, तर आता ती कधी? मानसशास्त्रज्ञांनी हा प्रश्न इंग्रजी बोलणाऱ्यांनाच विचारून पाहिला आहे, आणि काही जण सोमवार म्हणतात, काही शुक्रवार. तेव्हा ‘अर्लियर’ किंवा ‘लेटर’ लिहावं आणि नवी तारीख द्यावी. ‘प्रीपोन’ भारतात सगळ्यांना समजतो आणि मला तो आवडतोही, ‘पोस्टपोन’ची सरळ उलटी बाजू. पण परदेशी पत्रात तो वापरायचा नाही.

२२ डिसेंबर, सोमवार

दहा दिवसांचा उशीर : ‘अ टेन-डे डिले’. पुढे नाम आलं की ‘डे’ एकवचनी. ‘एव्हरी डे’ दोन शब्द म्हणजे रोज, जोडून लिहिला की ‘रोजच्या वापरातला’. आमच्या एका पाकिटावर तो चुकीचा छापलेला आहे. पुढच्या छपाईत बदलायचा.

‘ऑन टाइम’ म्हणजे ठरल्या वेळी, ‘इन टाइम’ म्हणजे वेळ निघून जायच्या आत. गाडी ‘ऑन टाइम’ आली, आणि माल ‘इन टाइम’ बांधून झाला, म्हणून भरता आला.

२९ डिसेंबर, सोमवार

तक्ता लागला. फ्लेक्स नको असं आक्कांनी आधीच सांगितलं होतं. कोऱ्या कापडावर पेंटरकडून रंगवून घेतला, कडा त्यांनी स्वतः दुमडून शिवल्या. डावीकडे पर्यंत, पासून, परवा, आठ दिवस, दिवसाआड, दोन दिवसांत, दोन दिवसांनी, पूर्वी, पुढे. उजवीकडे फांद्या. परवाच्या ओळीत चार लिप्या असाव्यात असं मला वाटत होतं, पण लांबून वाचता यावं म्हणून कन्नड आणि तेलुगू शब्द देवनागरीतच घेतले. नळाचं चित्र ठेवलं.

१२ जानेवारी २०२६, सोमवार

सिद्धेश्वराची यात्रा सुरू आहे. निम्मे लोक रजेवर, वर्ग नाही. सकाळी येताना चार पुतळ्यांपाशी थांबून आले. तिथे हार आधीच घातलेले होते.

रजेची दोन पत्रं आज डिस्पॅचच्या पोराने एकट्याने लिहिली, अमेरिकेला आणि विलायतेला. ‘अवर फॅक्टरी विल बी क्लोज्ड फ्रॉम... अनटिल...’ पुढे त्याने स्वतःहून ‘वी विल रीओपन ऑन’ घालून वार आणि तारीख लिहिली होती. मी काही बदललं नाही.

२२ जानेवारी, गुरुवार

अजून एक फांदी राहिली होती, ती वॉचमन मामांनी दाखवली. गाडी आज रात्री दोनला येणार. त्यांनी फाटकाच्या वहीत ‘थर्सडे नाइट, टू ओ’क्लॉक’ लिहिलं आणि मला विचारायला आले, “मॅडम, रात्री दोन म्हंजे गुरुवारच ना? अजून उजाडलं कुठं असतंय?”

आपल्या मनात दिवस उजाडल्यावर बदलतो, पंचांगही सूर्योदयापासून वार धरतं. इंग्रजी घड्याळ मध्यरात्रीच वार बदलतं. आणि आपण ज्याला रात्रीचे दोन म्हणतो, त्याला ते ‘टू इन द मॉर्निंग’ म्हणतात, बाहेर कितीही काळोख असो. ड्रायव्हरच्या कागदावर शुक्रवार होता. मामांच्या वहीत गुरुवार राहिला असता, तर गेटपास चुकला असता.

मामांनी ओळ खोडली नाही, खाली नवी लिहिली : ‘फ्रायडे, २३ जानेवारी, ०२:००.’ मग तक्त्याच्या तळाला उरलेल्या जागेत खडूने ‘रात्री दोन’ लिहून ठेवलं, पेंटर आला की रंगवून घ्यायला.

२३ जानेवारी, शुक्रवार

गाडी दोन वाजून दहा मिनिटांनी आली. बॉक्स फाटकाशी लावून तयार होते. चारच्या आत भरून निघाली.